‘बीनो’ अल्बममधली गिटार तशी का वाजते?

२२ जुलै १९६६ रोजी डेक्का कंपनीने लंडनमध्ये एक एलपी काढली. ‘ब्लूज ब्रेकर्स’ हे तिचं नाव, आणि सोबत जॉन मेयॉल व एरिक क्लॅप्टन यांची नावं. मुखपृष्ठावर चौघे वादक भिंतीपुढे बसलेत आणि क्लॅप्टन कॅमेऱ्याकडे न बघता ‘बीनो’ नावाचं मुलांचं कॉमिक वाचतोय. म्हणून जगभरचे गिटारवाले या अल्बमला ‘बीनो’ म्हणतात. आपणही तेच म्हणू.

यातली गिटार जाड वाजते, सूर रेंगाळतो आणि त्याच्या कडा किंचित फाटलेल्या असतात. आज हा आवाज इतका रुळलाय की त्यात काही खटकत नाही. १९६६ मध्ये मात्र स्टुडिओच्या हिशेबाने तो सरळसरळ दोष होता. अँप, म्हणजे गिटारचा आवाज मोठा करणारा अँप्लिफायर, कुवतीबाहेर चालवला की आवाज फाटतो, आणि फाटलेला आवाज टेपवर जाऊ न देणं हे रेकॉर्डिंग इंजिनिअरचं काम. हा अल्बम समजून घ्यायचा तर तो दोष नेमका कसा तयार होतो आणि टेपवर कसा उतरला, तिथूनच सुरुवात करायला हवी.

आधी माणसं. जॉन मेयॉल ३२ वर्षांचा, गायक. ऑर्गन, पियानो आणि माउथ ऑर्गनही तोच वाजवायचा. बासवर जॉन मॅकव्ही, ड्रम्सवर ह्यूई फ्लिंट. क्लॅप्टन तेव्हा जेमतेम २१ वर्षांचा. आधीचा त्याचा बँड ‘यार्डबर्ड्स’ हिट पॉप गाण्यांकडे वळला म्हणून मार्च १९६५ मध्ये तो तिथून बाहेर पडला होता, आणि महिनाभरात मेयॉलकडे आला. त्याला शिकागोचा ब्लूज, म्हणजे अमेरिकी कृष्णवर्णीयांचं संगीत, वाजवायचा होता, आणि मेयॉलकडे त्या संगीताच्या रेकॉर्डचा मोठा संग्रह होता. बराचसा रियाज त्या रेकॉर्डी ऐकूनच झाला.

गिटार होती गिब्सन कंपनीची लेस पॉल स्टँडर्ड. सनबर्स्ट रंगाची ही गिटार १९५८ ते १९६० एवढीच वर्षं निघाली, सगळ्या मिळून साधारण दीड हजार. खप नव्हता म्हणून गिब्सनने १९६१ मध्ये तो आकारच बंद केला. म्हणजे क्लॅप्टनच्या हातात होतं ते बाजारातून बाद झालेलं मॉडेल. अमेरिकी ब्लूज गिटारवादक फ्रेडी किंगच्या एका एलपीच्या मुखपृष्ठावर त्याला लेस पॉल दिसली होती, तेवढ्यावरून त्याने ती मिळवली.

आवाजाच्या दृष्टीने या गिटारमधल्या दोन गोष्टी महत्त्वाच्या. पहिली, पिकअप. पिकअप म्हणजे चुंबक आणि त्याभोवती गुंडाळलेली बारीक तांब्याची तार. वरची पोलादी तार हलली की खालच्या वेटोळ्यात वीज निर्माण होते. साध्या पिकअपमध्ये असं एकच वेटोळं असतं आणि ते आसपासच्या विजेची घरघरही पकडतं. लेस पॉलमधल्या हंबकर पिकअपमध्ये दोन वेटोळी असतात, प्रत्येकी साधारण ५,००० फेऱ्यांची. चुंबकाची दिशा आणि गुंडाळणी एकमेकांच्या उलट असल्यामुळे घरघर वजा होते आणि तारेचा आवाज मात्र बेरीज होऊन बाहेर येतो. सिग्नल जास्त जोरदार, वरचे तीक्ष्ण सूर थोडे बोथट आणि मधला पट्टा भरलेला. दुसरी गोष्ट, तारेची लांबी. लेस पॉलची २४.७५ इंच, फेंडर कंपनीच्या स्ट्रॅटोकास्टर गिटारची २५.५ इंच. तीच तार त्याच सुरात लावली तर लेस पॉलवर ताण साधारण ६ टक्क्यांनी कमी लागतो. आकडा किरकोळ दिसतो, पण बोटाने तार ओढून सूर चढवायचा, म्हणजे मींड घ्यायची, तेव्हा हे ६ टक्के बोटाला कळतात.

अँप होता मार्शल कंपनीचा, मॉडेल क्रमांक १९६२. हे निर्मितीचं वर्ष नव्हे, निव्वळ यादीतला आकडा. यावरून फार गोंधळ होतो. जिम मार्शलच्या लंडनमधल्या वाद्यांच्या दुकानात हे अँप बनायला लागले तेव्हा नमुना म्हणून फेंडरच्या बासमन अँपची मांडणी घेतली होती. मात्र सुटे भाग इंग्लंडमध्ये मिळतील ते. त्यामुळे पॉवर व्हॉल्व्ह (सिग्नल मोठा करणाऱ्या काचेच्या नळ्या) बदलले, ट्रान्सफॉर्मर बदलला, स्पीकर बदलले, आणि आवाजही बदलला. क्लॅप्टनच्या अँपमध्ये केटी६६ जातीचे दोन पॉवर व्हॉल्व्ह आणि सेलेस्टियन कंपनीचे १२ इंची दोन स्पीकर एकाच खोक्यात होते. ताकद साधारण ३० ते ४५ वॉट. या अल्बममुळेच पुढे त्या मॉडेलला ‘ब्लूजब्रेकर’ हे नाव पडलं.

आता फाटणं म्हणजे काय ते पाहू. गिटारमधून निघणारा सिग्नल फार फार तर अर्ध्या-एक व्होल्टचा. अँपमधले छोटे व्हॉल्व्ह तो टप्प्याटप्प्याने वाढवतात आणि शेवटी पॉवर व्हॉल्व्ह तो स्पीकर हलवण्याइतका मोठा करतात. प्रत्येक व्हॉल्व्हला मर्यादा असते. सिग्नलची लाट तिच्यापेक्षा उंच झाली की माथा कापला जातो. गोल टेकडीचं पठार होतं. लाटेचा आकार बदलला की मूळ सुरासोबत त्याच्या दुप्पट, तिप्पट, पाचपट कंपनसंख्येचे नवे सूर तयार होतात. कानाला ते वेगळे ऐकू येत नाहीत, मूळ सूरच जाड आणि खरखरीत वाटतो. तानपुऱ्याच्या घोडीवर दोरा सरकवून आपण जवारी काढतो, तेव्हाही साध्या तारेत नसलेले वरचे स्वर जागे होतात. कारण वेगळं, पण कानाला मिळणारा भरणा त्याच कुळातला.

व्हॉल्व्हच्या अँपमध्ये हा माथा एकदम करवतीने कापल्यासारखा जात नाही, हळूहळू दबत जातो. म्हणून क्लॅप्टनने जोरात छेडलेला सूर फाटतो आणि हलका छेडलेला बराचसा स्वच्छ राहतो. त्यात आणखी दोन गोष्टी मिसळतात. पॉवर व्हॉल्व्ह एकदम जास्त वीज मागतात तेव्हा अँपचा पॉवर सप्लाय क्षणभर दमतो, व्होल्टेज खाली येतं आणि पुन्हा वर चढतं. त्यामुळे सुराची सुरुवात किंचित दबते आणि नंतर तो फुलतो. शिवाय त्या काळचे असे स्पीकर प्रत्येकी १५ ते २० वॉट झेलणारे. अँप पूर्ण उघडला की कागदी कोनही नीट हलेनासा होतो आणि आपला खरखरीतपणा मिसळतो.

रेंगाळणाऱ्या सुराचं कारणही इथेच आहे. माथा दाबला गेल्यामुळे मोठा आणि लहान सिग्नल जवळपास सारख्याच जोराने बाहेर येतात. तार विझत चाललेली असते, पण ती दाबमर्यादेखाली येईपर्यंत आवाज कमी झाल्याचं कळतच नाही. आणि स्पीकरचा आवाज खोलीत पुरेसा मोठा असेल तर हवेच्या धक्क्याने गिटारची तार पुन्हा हलते. स्पीकरकडून तारेला, तारेकडून पिकअपला, पिकअपकडून परत स्पीकरला असं चक्र सुरू होतं. वादक अँपपासून किती लांब उभा आहे, गिटारचं तोंड कुठे आहे, यावर कोणता सूर पेटेल ते ठरतं. आवाज कमी केला की यातलं काहीच घडत नाही. क्लॅप्टनचा मोठ्या आवाजाचा हट्ट समजून घ्यायचा तर हे सगळं माहीत हवं. आवाजाची पातळी हा त्याच्या वाद्याचाच एक भाग होता.

त्याने नंतर स्वतःच सांगितलंय की तो ब्रिजजवळचा, म्हणजे तारा टेकतात त्या घोडीजवळचा, पिकअप वापरायचा, खर्ज वाढवून ठेवायचा आणि अँप व गिटार दोन्हींचे व्हॉल्यूम पूर्ण उघडायचा.

रेकॉर्डिंग १९६६ च्या वसंतात वेस्ट हॅम्पस्टेडमधल्या डेक्का स्टुडिओत झालं. (शेजारच्याच इमारतीत ‘क्लुक्स क्लीक’ नावाचा क्लब होता. मेयॉलचा १९६४ मध्ये ध्वनिमुद्रित झालेला पहिला अल्बम या क्लबातून स्टुडिओत थेट केबल टाकून रेकॉर्ड केला होता. तो फारसा खपला नाही.) निर्माता माइक व्हर्नन, ब्लूजचा अभ्यासक. इंजिनिअर गस डजन, जो पुढे एल्टन जॉनचा निर्माता झाला.

क्लॅप्टन क्लबात वाजवायचा त्याच पातळीवर स्टुडिओत वाजवायला लागला आणि अडचण उभी राहिली. इंजिनिअरची तक्रार चुकीची नव्हती. असा अँप पूर्ण उघडला की मीटरभर अंतरावर आवाज सहज ११० डेसिबलच्या वर जातो. त्या पातळीवर प्रचलित सुरक्षामानकानुसार कान जेमतेम दीड मिनिट राहू शकतात. माइकचं काय होतं? अँपला चिकटवून ठेवला तर माइकमधलं इलेक्ट्रॉनिक्सच फाटायला लागतं. ते वाचलं तर पुढचा प्रीअँप (माइकचा सिग्नल वाढवणारा भाग), तोही वाचला तर टेप. हे फाटणं व्हॉल्व्हच्या फाटण्यासारखं गोड नसतं. दुसरी अडचण गळतीची. खोलीत एक अँप एवढा गरजत असेल तर तो ड्रम्सच्या माइकमध्ये शिरतो. मग मिक्सिंगमध्ये गिटार खाली करायला गेलात तरी ड्रम्सच्या ट्रॅकवरून ती ऐकू येतच राहते. एकाची चूक दुरुस्त करायची तर सगळ्यांनी पुन्हा वाजवायचं.

आधीच्या वर्षीही हेच घडलं होतं. १९६५ मध्ये मेयॉलच्या एका सिंगलचा निर्माता गिटारवादक जिमी पेज होता. त्याच्या सांगण्यानुसार क्लॅप्टनची गिटार फीडबॅक (स्पीकर ते तार हे वर सांगितलेलं चक्र) द्यायला लागताच इंजिनिअरने फेडर, म्हणजे आवाज कमी-जास्त करणाऱ्या पट्ट्या, खाली ओढले. ते पुन्हा वर करायला पेजला सांगावं लागलं.

डेक्कामध्ये मार्ग निघाला तो माइक मागे नेऊन. क्लॅप्टनच्या आठवणीनुसार माइक अँपला खेटून लावण्याला त्यानेच विरोध केला, कारण श्रोता कधी स्पीकरला कान लावून ऐकत नाही. अंतर दुप्पट केलं की थेट येणारा आवाज ६ डेसिबलने उतरतो. माइक वाचतो. शिवाय भिंतींवरून परतणारा आवाजही माइकमध्ये येतो आणि गिटारभोवती खोली ऐकू येते. हेडफोन लावून ऐकलंत तर सुराच्या मागे एक छोटीशी पोकळी जाणवेल. ती कृत्रिम रिव्हर्बची, म्हणजे घुमण्याची, शेपटी वाटत नाही, जागाच वाटते. मेयॉल आणि व्हर्नन दोघांनीही गिटारवादकाची बाजू घेतली, हे माझ्या मते या अल्बममधलं सर्वांत मोठं निर्मितीचं काम. बाकी तंत्र त्या काळच्या मानाने साधंच होतं.

फाटलेल्या गिटारचा एक तोटा असतो, आणि मेयॉलच्या मांडणीत त्याचं उत्तर आहे. दोन सूर एकत्र फाटले की त्यांच्या बेरजेचे आणि वजाबाकीचे सूरही तयार होतात. सा आणि प एकत्र फाटले तर ते ठणठणीत लागतात, पण चार-पाच सुरांची पूर्ण कॉर्ड फाटली की चिखल होतो. म्हणून इथे गिटार बहुतेक वेळ एकेका सुरात बोलते. कॉर्ड भरण्याचं काम ऑर्गन आणि पियानो करतात, काही गाण्यांत सॅक्सोफोन आणि ट्रम्पेट. गिटारला मधला पट्टा मोकळा मिळतो. पुढे तीनच वादकांच्या बँडनी हाच आवाज घेतला तेव्हा ती पोकळी बास आणि ड्रम्सनी भरावी लागली. तो वेगळा विषय.

गाणी १२. त्यातली ७ दुसऱ्यांची, बहुतेक अमेरिकी कृष्णवर्णीय संगीतकारांची. बाकीची मेयॉलची, त्यातलं एक क्लॅप्टनसोबत लिहिलेलं. बरीचशी गाणी १२ बारच्या ब्लूजची. हे आवर्तन एकदा कळलं की अल्बम दुप्पट ऐकू येतो. चार ठोक्यांचा एक बार. पहिले ४ बार सा च्या कॉर्डवर, मग २ मध्यमावर, २ परत सा वर, नववा पंचमावर, दहावा मध्यमावर, आणि शेवटचे २ सा वर येऊन पंचमाच्या टेकूने पुन्हा सुरुवात. वादक या चौकटीत सम गाठतो की मुद्दाम थोडी उशिरा गाठतो, यात सगळी गंमत.

पहिलं गाणं ‘ऑल युअर लव्ह’, मूळ ओटिस रशचं, १९५८ चं. संथ, उदास चालीत सुरू होतं, मध्ये अचानक वेग पकडून उजळ सुरात जातं आणि परत फिरतं. या वळणावर क्लॅप्टन गिटार कशी सोडतो ते ऐका. ‘हाइडअवे’ फ्रेडी किंगचं, शिकागोतल्या एका बारच्या नावावरून ठेवलेलं. शब्द नाहीत, नुसती गिटार. मूळ रेकॉर्डिंग आणि हे लागोपाठ ऐकणं हा या अल्बमवरचा सर्वांत चांगला धडा. सूर जवळपास तेच, पण किंगचा सूर छेडला की लवकर विझतो आणि पुढचा येतो. इथे एक सूर दुसऱ्याच्या अंगावर रेलतो. ‘हॅव यू हर्ड’ जवळपास ६ मिनिटांचं संथ ब्लूज आहे, आणि त्यातला सोलो मला या अल्बमचं शिखर वाटतो: तार ओढून सूर चढवतो, तिथे थांबवतो, आणि मगच थरथरवतो. ‘रॅम्ब्लिन ऑन माय माइंड’ रॉबर्ट जॉन्सनने १९३६ मध्ये रेकॉर्ड केलेलं. इथे क्लॅप्टन स्वतः गायलाय. रेकॉर्डवर मुख्य गायक म्हणून त्याचं हे पहिलंच गाणं, आणि आवाजात तो संकोच आहे.

कमकुवत जागाही आहेत. ‘व्हॉट्ड आय से’मधला ड्रम सोलो अल्बमची गती तोडतो. त्याच्याच शेवटाकडे बीटल्सच्या ‘डे ट्रिपर’ची गिटार ऐकू येते, जी तेव्हा काही महिन्यांपूर्वीच गाजली होती. क्लबात ते रंगत असणार. एलपीवर लांबतं.

हा आवाज स्वतः काढू पाहणाऱ्यांच्या चुका जवळपास ठरलेल्या असतात. सर्वांत मोठी, गेन (अँपच्या सुरुवातीला सिग्नल किती वाढवायचा ते) फार ठेवण्याची. या अल्बमवरचं डिस्टॉर्शन, म्हणजे फाटणं, आठवणीत असतं त्यापेक्षा कमी आहे. जोर खाली करून छेडल्यावर सूर स्वच्छ व्हायला हवा. होत नसेल तर गेन जास्त आहे. दुसरी, टोन नॉब शून्यावर नेऊन ब्रिजऐवजी मानेजवळचा पिकअप वापरण्याची. तो गोलसर आवाज क्लॅप्टनचाच, पण त्याच्या पुढच्या ‘क्रीम’ बँडमधला. तिसरी, सगळं फाटणं छोट्या व्हॉल्व्हकडून किंवा पायाने चालवायच्या पेडलकडून करून घेण्याची. त्यात पॉवर व्हॉल्व्हचं दबणं आणि फुलणं येत नाही. घरात ४५ वॉटचा अँप पूर्ण उघडणं अशक्य असेल तर ५ वॉटचा व्हॉल्व्ह अँप पूर्ण उघडणं जास्त जवळ नेतं. अटेन्युएटर म्हणजे अँप आणि स्पीकर यांच्यामध्ये बसवून जादा पॉवरची उष्णता करून टाकणारा डबा. तो वापरायचा तर त्याचे ओहम अँपच्या आउटपुटशी जुळलेच पाहिजेत. आणि व्हॉल्व्ह अँप स्पीकर किंवा लोड न जोडता कधीही चालवायचा नाही, आउटपुट ट्रान्सफॉर्मर जळतो.

रेकॉर्ड करताना एक माइक साधारण एक मीटरवर आणि दुसरा तीन मीटरवर ठेवून बघा. एकच दिशा पकडणारा माइक स्पीकरला खेटवला की खर्ज फुगतो आणि मधला पट्टा त्याखाली दबतो. लांबच्या माइकवर आवाज जवळच्यापेक्षा सुमारे ६ मिलिसेकंद उशिरा पोचतो, त्यामुळे दोन्ही मिसळताना काही सूर एकमेकांना खाऊन टाकतात. आवाज पोकळ लागला तर एक माइक इंच-इंच सरकवायचा, किंवा एकच ठेवायचा. कानात प्लग घालूनच हे सगळं करायचं.

अल्बम ब्रिटनच्या यादीत सहाव्या क्रमांकापर्यंत चढला. एकही हिट सिंगल नसलेल्या ब्लूजच्या एलपीसाठी ही मोठी गोष्ट होती. पण तो दुकानात आला तेव्हा त्यावरचा गिटारवादक बँडमध्ये उरलाच नव्हता. ‘क्रीम’ची घोषणा जूनमध्येच झाली होती आणि त्यांचा पहिला कार्यक्रम अल्बमनंतर आठवड्याने, २९ जुलैला मँचेस्टरमध्ये झाला. त्याच उन्हाळ्यात ‘क्रीम’च्या तालमींच्या वेळी ती लेस पॉल चोरीला गेली. मेयॉलकडे क्लॅप्टनच्या जागी पीटर ग्रीन आला आणि १९६७ मध्ये ग्रीनने ‘फ्लीटवूड मॅक’ काढला. त्याच्या जागी आलेला मिक टेलर १९६९ मध्ये ‘रोलिंग स्टोन्स’मध्ये गेला. मेयॉलचा बँड एखाद्या घराण्यासारखा चालला, फक्त शिष्य फार लवकर बाहेर पडत.

परिणाम कारखान्यापर्यंत पोचला. दहा वर्षांपूर्वी कुणी घेत नव्हतं त्या लेस पॉलच्या जुन्या नगांना मागणी आली आणि १९६८ मध्ये गिब्सनने तो आकार पुन्हा बनवायला घेतला. मार्शलचे अँप आधी ज्या दोषासाठी परत आले असते, त्याच दोषासाठी विकले जाऊ लागले.

ज्यांची गाणी होती त्यांना मात्र वाट बघावी लागली. या अल्बममुळे ब्रिटनमधल्या तरुणांनी ओटिस रश आणि फ्रेडी किंग ही नावं शोधून त्यांच्या रेकॉर्डी मिळवल्या, हे खरं. पण पैसा आणि मोठे मंच आधी नक्कल करणाऱ्यांकडे गेले. फ्रेडी किंगला १९७४ मध्ये आरएसओ या लेबलने, म्हणजे रेकॉर्ड कंपनीने, घेतलं, क्लॅप्टन ज्या लेबलवर होता त्यानेच. ‘बर्गलर’ या अल्बमचं बहुतेक काम इंग्लंडमध्ये माइक व्हर्ननच्याच हाताखाली झालं, आणि एका गाण्यात साथीला क्लॅप्टन वाजवतो. किंग दोनच वर्षांनी, डिसेंबर १९७६ मध्ये, ४२ व्या वर्षी वारला.